केळुसकरांची मिनिटं

वेंगुर्ल्यात, बंदररोडला, बर्फाच्या फॅक्टरीला चिकटून
माझं व्हिडिओ पार्लर होतं. कॅसेट दिवसाला दहा रुपये.
खारं वारं आत शिरलं की फितींना बुरशी धरायची,
मग मी त्या पत्र्यावर उन्हात मांडायचो,
शेजारी फातिमाचे बांगडे.

रघुवीर केळुसकर मे महिन्यात यायचे
मुंबईहून, रातराणीने, अंगाला अजून डिझेलचा वास,
आणि काउंटरवर कोपर टेकून, हळू आवाजात:
"तेवढो माझो मिनिट लाव रे."
मिनिट कसलं. चाळीस सेकंद.

मी वही घातली होती, दोनशेपानी, मागे पाढे छापलेली.
एक तास बेचाळीस: हवालदार. "चला, चला, गर्दी करू नका."
सत्ताविसावं मिनिट: डॉक्टर. चष्मा काढतात, मान हलवतात.
तिसऱ्या भागाच्या शेवटी पोस्टमन, फक्त हात दिसतो,
पण हात त्यांचाच, करंगळी वाकडी,
लहानपणी रहाटाच्या दोरात सापडलेली.
छातीवरच्या पट्टीवर नाव कायम दुसऱ्याचं:
जाधव. डिसोझा. एकदा नुसतं 'इन्स्पेक्टर'.

हेच केळुसकर विशीत दहिकाल्यात राजा व्हायचे.
पाठांतर नाही, कागद नाही,
पेट्रोमॅक्सखाली तीन-तीन तास बोलायचे,
आपल्याच राणीला शाप देताना आपणच रडायचे,
आणि पहाटे गावकार नारळ फोडायला उठला
तरी राजाचं बोलणं संपलेलं नसायचं.
"मग एका वाक्यासाठी मुंबईक कित्या रवलात?" मी विचारलं एकदा.
त्यांनी सोलकढीची वाटी खाली ठेवली.
"मी उंबरो रे. माका वलांडूनच हिरो भायर जाता."

एका वर्षी परक्या ट्रॉलरनी किनाऱ्यापर्यंत येऊन
आमचा सगळा मासा ओरबाडून नेला.
अर्ज झाले, मोर्चा झाला, साहेब मीटिंगमध्ये होते.
शेवटी जुजे आणि पांडू रात्री त्यांच्या दारात:
"काका, तुमचो तो ड्रेस हा मां?"
होता. कपडेपटाला परत न दिलेला,
डांबरगोळ्यांच्या वासाचा, एक बटण कमी.

जुजेच्या होडीच्या नाळीवर उभे राहिले केळुसकर,
बॅटरी हातात, पाय फाकवून,
आणि पाण्यावरून तो आवाज गेला,
दहिकाल्यातला, तीस वर्षं कुणी न मागितलेला.
काय बोलले ते आता कुणालाच धड आठवत नाही.
जुजे म्हणतो कलमं सांगितली. पांडू म्हणतो
मधेच एकदा 'प्रधानजी' म्हणाले.
ट्रॉलरवरचा तांडेल हात जोडून जाळी ओढायला लागला,
तेवढ्यात भात शिजवणारा पोऱ्या वाकून बघतो:
"साब, आप तो मंगल को मर गया था!"

दोन्हीकडे हसू फुटलं. सगळी भीती पाण्यात.
त्यांनी टोपलीभर कोळंबी दिली, आणि गेले,
आठ दिवसांनी परत आले, ते वेगळं.
येताना केळुसकर गप्प. कोणाला वाटलं लाजले.
धक्क्याला उतरताना माझा खांदा घट्ट धरला:
"वळखल्यान रे माका. नुसत्या बॅटरीच्या उजेडात वळखल्यान."

ते गेले तेव्हा पुतण्या आला, पेपरात द्यायला फोटो हवा होता.
घरात सगळे फोटो जाधव नाहीतर डिसोझाचे.
मी वही काढली, बेरीज केली: त्रेचाळीस नोंदी,
एकूण एकावन्न मिनिटं.
राजाला नुसतं आख्यान लावायला याहून जास्त वेळ लागायचा.
बहुतेक फिती चिकटून गेलेल्या. एक चालली.
पॉज दाबला, चित्र थरथरत राहिलं,
त्याचाच मोबाईलवर फोटो काढला:
दार धरून उभे आहेत, कोणीतरी बाहेर पडतंय.
कितीही कातरलं तरी हिरोचा खांदा थोडा राहिलाच,
आणि त्यांच्या कपाळावरून पॉजची पांढरी रेघ.
पुतण्या म्हणाला, ही पुसता येते.
काकी म्हणाल्या, नको. भस्म वाटता.